चाखल्यावाचून केलेला सॉस

परत येऊन तीन आठवडे झाले, तरी मिरजेत जो भेटतो तो आधी विचारतो, "नायगारा पाहिलात का?" पाहिला. पाणी आहे, वरून खाली पडतं. आमच्या कृष्णेला पुरात जे चार दिवस सुचतं, ते त्या बाईला बारा महिने सुचतं, एवढाच फरक. आणि तो सगळ्यांनी फोटोत पाहिलेला आहे, त्यामुळे त्याच्याबद्दल थापा मारायला वावच नाही. मला सांगायचंय ते मॉन्ट्रियलच्या एका स्वयंपाकघराबद्दल. ते कुणी पाहिलेलं नाही.

आधी माझी ओळख. मी मिरजेत चौतीस वर्षं खानावळ चालवली. तेवढ्या काळात मी लाटलेल्या पोळ्या ओळीनं मांडल्या, तर कोल्हापूरला जाऊन अंबाबाईचं दर्शन घेऊन परत येतील. माझ्या बोलण्यातलं निम्मं सोडून द्यावं आणि उरलेल्याची चौकशी करावी, असं आमची ही लोकांना सांगते. ती या खेपेला स्कारबरोला माझ्या बहिणीकडेच राहिली. मॉन्ट्रियलला मी एकटा गेलो, भाचीकडे. त्यामुळे या हकिगतीला साक्षीदार फक्त ती भाची, मृणाल. तिला जरूर विचारा.

गुरुवार

मृणाल विमानांचे सुटे भाग करणाऱ्या कंपनीत इंजिनिअर आहे. फ्रेंचशिवाय तिथे नोकरीत पुढे जाता येत नाही, म्हणून ती फ्रेंच शिकली आणि आता झोपेतही फ्रेंच बोलते. एका जुन्या दगडी घराच्या वरच्या मजल्यावर ती भाड्यानं राहते. खालच्या मजल्यावर घरमालकांचं रेस्टॉरंट आहे. नाव सांगत नाही. सांगितलं तर तुम्ही जाल, आणि तिथे टेबलं फक्त अकरा आहेत.

जिना चढताना खालून वास आला. कांदा लोण्यात परतल्याचा, पण घाई न करता परतल्याचा. मी चौथ्या पायरीवर बॅग ठेवली.

"मृणाल, इथे कोण आहे?"

"म्हणजे?"

"हा कांदा नोकरानं परतलेला नाही. हा घरच्या माणसाचा कांदा आहे."

ती हसली, मग एकदम गंभीर झाली. घरात शिरल्यावर तिनं दार लावून घेतलं आणि मला खुर्चीत बसवलं, डॉक्टर बसवतात तसं.

"मामा, उद्या त्यांनी तुला किचन बघायला बोलावलंय. तुझी खानावळ होती म्हटल्यावर ते एकदम एक्साइट झाले. पण एक लक्षात ठेव. मस्यू अर्माँ आहेत ना, ओनर, त्यांना तीन वर्षांपूर्वी ताप आला होता. तेव्हा चव आणि वास दोन्ही गेले. ते म्हणतात, परत आले. आलेले नाहीत. सगळ्यांना माहितीये. ते सॉस चाखतात, मान डोलावतात, आणि ते वळले की त्यांची मुलगी सोलांज नीट करून घेते. सो प्लीज, त्यांनी तुला विचारलं तर फक्त 'स्युपर्ब' म्हणायचं."

"म्हणजे खोटं बोलायचं."

"तुला काय जड आहे?"

"अजिबात नाही," मी म्हणालो. आणि त्या वेळी खरंच नव्हतं.

शुक्रवार

दुपारी तीनला आम्ही खाली गेलो. सोलांजबाई पन्नाशीच्या, उंच, केस रुमालात घट्ट बांधलेले. त्यांनी मला घर दाखवलं आणि घराबरोबर इतिहास. मृणाल मध्ये उभी राहून दोन्हीकडचं भाषांतर करत होती.

सोलांजचे आजोबा एतिएन फ्रान्समधल्या लुआर नदीकाठचे. बोटीनं आले. बरोबर एक तांब्याचं पातेलं आणि यायला मुळीच तयार नसलेली बायको. पहिला हिवाळाभर ती बाई नवऱ्याशी एक शब्द बोलली नाही, म्हणे. (मी तिच्या जागी असतो तर दोन हिवाळे बोललो नसतो. बाहेर ऑक्टोबरातच माझे कान बधिर झाले होते.) एतिएननं याच घराच्या पुढच्या खोलीत चार टेबलं मांडली आणि आपल्या गावच्या पद्धतीचा मासा करायला लागला, वर लोण्याचा पांढरा सॉस घालून. बायको स्वयंपाकघराच्या दारातून ते बघायची. वसंत ऋतू आला आणि ती पहिलं वाक्य बोलली, "तुमचा सॉस फाटलाय." त्या दिवसापासून दोघं मिळून रेस्टॉरंट चालवू लागले.

पुढे चाराची अकरा टेबलं झाली. मोठमोठे लोक जेवून गेले, त्यांचे फोटो जिन्याच्या भिंतीवर आहेत. एका हिवाळ्यात बर्फाच्या ओझ्यानं विजेचे खांब आडवे झाले, तेव्हा यांनी मेणबत्त्यांच्या उजेडात सगळ्या गल्लीला सूप पाजलं. अर्माँ शिकायला फ्रान्सला गेला आणि डोक्यात नवं खूळ घेऊन परत आला, ते खूळ बापानं चार वर्षांत उतरवलं. आणि एतिएन गेला तो शेगडीजवळच. सोलांज म्हणाली, "आजोबांनी आधी गॅस बंद केला, मग बसले, मग गेले."

या सगळ्या काळात घरात एक नियम कधी मोडला नाही. घरच्या मोठ्या माणसानं चाखल्याशिवाय सॉस स्वयंपाकघराबाहेर जायचा नाही. आधी एतिएन, मग अर्माँ.

अर्माँ शेगडीजवळच होते. ऐंशीच्या आसपासचे, ठेंगणे, खांदे मात्र पैलवानाचे. माझा हात हातात घेऊन त्यांनी बोटं उलटीपालटी करून पाहिली. चटक्यांचे डाग बघितले आणि म्हणाले, "हं. खरा आहे." माझ्या आयुष्यात मला असं कुणी म्हटलं नव्हतं.

मग त्यांनी पातेल्यात चमचा बुडवला, चाखला, डोळे मिटले, मान डोलावली. चमचा फडक्याला पुसला, पुन्हा बुडवला आणि माझ्या तोंडापुढे धरला.

आणि मी मागे सरकलो.

मी विचार केला नाही हो. अंगच मागे गेलं. उष्टा चमचा! चौतीस वर्षं चूल सांभाळलेल्या माणसाचं अंग ते, त्याला फ्रेंच शिष्टाचार काय ठाऊक? अर्माँचा चेहरा पडला. त्यांना वाटलं, सॉसचा रंग बघूनच मी माघार घेतली.

"सांग, सांग त्यांना," मी मृणालला म्हणालो, "सॉसचं काही नाही! आमच्याकडे स्वयंपाक करताना चाखत नाहीत म्हणावं. नैवेद्य व्हायचा असतो. देवाच्या आधी कुणी तोंड लावत नाही. माझ्या आईनं जन्मभर चाखल्यावाचून स्वयंपाक केला."

मृणालनं सांगितलं. अर्माँनी चमचा खाली ठेवला.

"चाखल्यावाचून? मग मीठ?"

"हाताला कळतं."

"आणि आंबट?"

"उकळीच्या आवाजावरून."

आता आवाजावरून आंबटपणा कळतो हे मला त्या क्षणी पहिल्यांदाच कळलं, पण एकदा तोंड सुटलं की ते माझं राहत नाही. मी सांगितलं की आईनं एकदा चारशे पानांचा स्वयंपाक डोळे आले असताना केला, पट्टी बांधून. सांगितलं की गणपतीत तिची कटाची आमटी खाऊन खुद्द मूर्तीनं वाटी पुढे सरकवली, मी स्वतः पाहिलं. मृणाल हळूच म्हणाली, "मामा, हे मी कट करतेय," पण अर्माँनी तिला थांबवलं. त्यांना सगळं हवं होतं. ते हसत नव्हते. माझ्या थापा ऐकताना कुणी हसलं नाही की मला अस्वस्थ वाटतं.

"कधी चुकलं का तिचं?" त्यांनी विचारलं.

"कधीच नाही," मी म्हणालो.

शनिवार

सकाळी नऊला दार वाजलं. सोलांज. एप्रनवरच कोट चढवला होता. ती बसली नाही.

"तुमच्या मामांनी काय केलंय, माहितीये का त्यांना?"

मृणाल शब्दाला शब्द सांगत गेली. उद्या रविवार, रेस्टॉरंट बंद. आणि उद्या एतिएन गेले तो दिवस. दरवर्षी त्या दुपारी हे घर त्यांचा मासा आणि त्यांचा सॉस करतं, पहिली प्लेट खिडकीजवळच्या त्यांच्या खुर्चीपुढे ठेवतं, आणि मग बाकीचे जेवतात.

"म्हणजे पान ठेवतात!" मी ओरडलो. "हे तर श्राद्धच झालं!"

सोलांजनं माझ्याकडे असं पाहिलं की मी खाली बसलो.

"काल रात्री पापांनी सांगितलं. उद्याचा सॉस ते एकटे करणार. चाखणार नाहीत. दुसऱ्या कुणी पातेल्याजवळ जायचं नाही. आधी आजोबांना, मग आम्हाला. तीन वर्षं मी तो सॉस नीट करतेय. उद्या मला जाता येणार नाही."

"चांगला झाला तर?" मी म्हणालो.

"आणि नाही झाला तर? आमच्या चेहऱ्यांवर त्यांना दिसेल. मग ते पुन्हा किचनमध्ये पाऊल टाकणार नाहीत, मी ओळखते त्यांना. चाखता न येणारा कूक म्हणजे पाहुण्यांना फसवणारा माणूस, असं ते स्वतःच म्हणायचे. माझे आजोबा शेगडीजवळ गेले. माझ्या वडिलांना खुर्चीत बसून मरायला लावणार आहात तुम्ही."

"मग आजच खरं सांगून टाका त्यांना."

तिचा आवाज खाली आला. "पहिल्या दिवशी सांगायला हवं होतं. ताप उतरला, त्यांनी सूप चाखलं आणि माझ्याकडे पाहिलं. मी म्हणाले, परफेक्ट. एक दिवस म्हणून म्हणाले. आता कोणत्या तोंडानं सांगू?"

ती गेल्यावर मृणाल मला डोंगरावर फिरायला घेऊन गेली. शहराच्या मधोमध आहे तो. त्याला ते डोंगर म्हणतात, आमच्या दंडोबाच्या डोंगराला दाखवला तर तो त्याला मांडीवर घेईल. पण झाडं! मेपलची झाडं अशी पेटली होती की शेकायला बसावं. पायाखाली पानांचा लाल-पिवळा थर, माणसं मुलाबाळांना घेऊन नुसती पानं बघायला आलेली. आपल्याकडे पानगळ बघायला कोण जातं? आपण झाडून काढतो. एरवी यावर मी तासभर बोललो असतो. वर एका बाकावर बसून मृणालनं विकत आणलेलं वाटाण्याचं घट्ट सूप आणि पाव आम्ही खाल्ला. मग ती म्हणाली, "मामा, तू एक तास झाला बोलला नाहीयेस. बरं वाटत नाहीये का?"

"सूप चांगलं आहे," मी म्हणालो.

रविवार

अर्माँनी मला स्वयंपाकघरात उभं राहायला सांगितलं. कशाला हात लावायचा नाही, नुसतं उभं राहायचं. मला वाटतं, माझ्या आईतर्फे.

सोलांज आणि मृणाल बाहेर टेबल मांडत होत्या. मी आयुष्यात पुष्कळ हात पाहिलेत, पण कांदा कापणारे अर्माँसारखे हात पाहिले नाहीत. छोटे लांबट कांदे, त्यांचा साबुदाण्याएवढा बारीक चुरा. तो व्हिनेगर आणि पांढऱ्या वाइनमध्ये मंद शिजत ठेवला. (वाइनचं मी विचारलं नाही, श्राद्धाच्या दिवशी कशाला?) त्यांनी मान कलती करून पातेल्याला कान लावला. मोठ्या बुडबुड्यांचा आवाज बारीक होत गेला, मग चुरचुर झाला, तेव्हा त्यांनी आच कमी केली. मग थंड लोण्याचे चौकोनी तुकडे एकेक करून आत, आणि हात सतत फिरता. आच जास्त झाली तर लोणी वितळून तेल होतं, कमी झाली तर गोळा होतो. तो सॉस त्यांच्या हाताखाली साईसारखा पांढरा आणि जाड होत गेला. मी मनात म्हटलं, होणार. या माणसाला जिभेची गरजच काय?

मग त्यांनी मिठाच्या बरणीत तीन बोटं घातली. हात पातेल्यावर आणला.

त्याच वेळी बाहेर खुर्ची सरकवल्याचा आवाज आला. खिडकीजवळची, वडिलांची खुर्ची. अर्माँनी मान वळवून दाराकडे पाहिलं. किती वेळ पाहत राहिले, सांगता येत नाही. हात तसाच होता. मग ते परत पातेल्याकडे वळले आणि मीठ घालून झाल्यासारखा एप्रनला हात पुसला. मीठ एप्रनवरून जमिनीवर सांडलं. मी पाहिलं. आणि त्यांचं लोणी बिनमिठाचं आहे हे मला ठाऊक होतं.

मी काही बोललो नाही. कुणी मध्ये यायचं नाही, असं ठरलेलं होतं. आणि मला भीती वाटली, हेही खरं आहे.

पहिली प्लेट खिडकीजवळ गेली. त्या रिकाम्या खुर्चीपुढे सगळे उभे राहिले. मग आम्ही चौघं बसलो. मासा, उकडलेले छोटे बटाटे, वर तो सॉस. अर्माँनी स्वतः घास घेतला नाही. ते बघत होते.

सोलांजनं खाल्लं. "परफेक्ट, पापा."

मृणालनं खाल्लं. "स्युपर्ब, मस्यू अर्माँ."

मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि इंग्रजीत, म्हणजे मला थेट कळावं म्हणून, विचारलं, "यू. सॉल्ट?"

सोलांजनं टेबलाखाली माझा पाय दाबला. हळू नाही दाबला. मी चौतीस वर्षं गिऱ्हाइकांना, जावयांना, सासुरवाडीला, तपासणीला आलेल्या साहेबांना खोटं सांगत आलो, कुणाचं कधी काही बिघडलं नाही. "स्युपर्ब" हा शब्द मला गुरुवारपासून पाठ होता. पण तो म्हातारा माझ्याकडे शिजवणाऱ्यानं शिजवणाऱ्याकडे बघावं तसा बघत होता.

"नो सॉल्ट, मस्यू," मी म्हणालो. "झीरो."

मग मी मृणालला म्हणालो, आता सगळं सांग, काही कट करू नकोस.

"माझ्या आईचं चुकायचं. कधी खारट व्हायचं, कधी अगदी आळणी. चाखत नव्हती, मग चुकणार नाही तर काय? आमच्याकडे पानात सगळ्यात आधी, डावीकडे वरच्या कोपऱ्यात मीठ वाढतात. ते शोभेला नाही. नैवेद्य झाला, आम्ही पाटावर बसलो, पहिला घास घेतला की बाबा म्हणायचे, 'अगं, आज मीठ विसरलीस.' आई म्हणायची, 'होय का? घ्या कालवून.' संपलं. कुणी तिला परफेक्ट म्हणत नव्हतं, आणि कुणी तिला चुलीपासून उठवलं नाही. मरेपर्यंत तीच रांधायची. परवा मी तुम्हाला जे सांगितलं, त्यात चाखत नव्हती एवढंच खरं."

अर्माँनी विचारलं,

"आणि ती मूर्ती? वाटी?"

"नाही सरकवली."

त्यांनी मान हलवली, जणू या गोष्टीचं त्यांना जास्त वाईट वाटलं. मग ते मुलीकडे वळले.

"तीन वर्षं?"

सोलांजचा काटा बशीवर वाजला. "तीन वर्षं, पापा."

"रोज?"

"रोज."

ते उठले. टेबलाला धरून उठले, आणि मला वाटलं आता ते खिडकीकडे जातील, त्या खुर्चीत बसतील, आणि माझ्या तोंडामुळे एका घराचा इतिहास इथे संपेल. सोलांजनं तोंडावर हात धरला होता. ते खिडकीवरून पुढे गेले. स्वयंपाकघराचं दार ढकलून आत गेले. दार मागे-पुढे झुलत राहिलं.

मग आतून हाक आली, "सोलांज!"

ती गेली. दार अर्धवट उघडं राहिलं. कोमट पाण्यावर ठेवलेलं सॉसचं पातेलं, एका बाजूला ते, एका बाजूला ती. त्यांच्या हातात मीठ. तिच्या हातात चमचा. त्यांनी टाकलं, ढवळलं. तिनं चाखलं. तिच्या गालावरून पाणी ओघळत होतं आणि ती पुसत नव्हती.

"अजून," ती म्हणाली.

त्यांनी टाकलं.

"अजून, पापा. थोडं."

त्यांनी टाकलं.

"पुरे."

त्यांनी तिला पुन्हा चाखायला लावलं, नक्की का म्हणून. मग पातेलं घेऊन ते बाहेर आले आणि आधी खिडकीजवळच्या प्लेटमधला सॉस काढून नवा घातला. मग आमच्या. त्याच्या चवीबद्दल मी काही लिहीत नाही.

सोमवार

सकाळी टॅक्सी आली. बॅग घेऊन आम्ही जिना उतरलो, आणि शेवटच्या पायरीवर मृणालनं मला हातानं अडवलं. स्वयंपाकघराच्या दारामागे आरडाओरडा चालला होता. अर्माँचा आवाज, वर सोलांजचा आवाज, पातेलं आपटल्याचा आवाज.

"काय झालं?" मी घाबरून विचारलं.

"भांडतायत." मृणाल कान देऊन ऐकत होती. "ते म्हणतायत लिंबू हवं. ती म्हणतेय नको. ते म्हणतायत, तुझी जीभ तुझ्या आईवर गेलीय. ती म्हणतेय, जीभ माझी आहे, त्यामुळे नको म्हणजे नको."

"मग आत जाऊन सोडवूया का?"

"मामा, मी इथे आले त्याला तीन वर्षं होतील. या दोघांना भांडताना मी कधीच ऐकलं नव्हतं. ती नेहमी 'हो, पापा' म्हणायची. 'हो, पापा' आणि मग मागून."

आतून पुन्हा काहीतरी आपटलं. सोलांज ओरडली, अर्माँ त्याहून मोठ्यानं ओरडले. मला त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. बाहेर टॅक्सीवाल्यानं हॉर्न दिला. तिसरा हॉर्न होईपर्यंत आम्ही जिन्यात उभे होतो.